तंबूतल्या रात्रीचा हिशेब

तंबूतल्या मुक्कामाची चौकशी करणाऱ्या माणसाचा पहिला प्रश्न बहुधा संडासाचा असतो. तो तंबूला जोडून आहे की पन्नास पावलांवर आहे, कमोड आहे का, तिथपर्यंत रात्री दिवा असतो का आणि सकाळी गरम पाणी किती वाजेपर्यंत मिळते, एवढ्या गोष्टींची खात्री पटली म्हणजे मग तळे किती लांब आहे आणि खोलीतून, म्हणजे तंबूतून, डोंगर दिसतो का, याकडे संभाषण वळते. बँकेतल्या नोकरीत माझी बरीच वर्षे लहान उद्योगांच्या कर्जप्रस्तावांची छाननी करण्यात गेली. निवृत्तीनंतरही इंदूरच्या आसपासची मंडळी आपापल्या योजनांचे कागद घेऊन घरी येतात. पूर्वी त्यांत ढाबे, मंगल कार्यालये आणि डाळमिल असत. अलीकडे ग्लॅम्पिंगचे प्रस्ताव वाढले आहेत. पलंग, गादी, एसी, स्वतंत्र न्हाणीघर आणि आयते जेवण असलेला तंबू, असे त्याचे थोडक्यात वर्णन करता येईल. कागदांसोबत चित्रे असतात आणि ती सगळी एकसारखी असतात: पांढरा घुमट, आत पांढरी चादर, बाहेर पिवळ्या दिव्यांची माळ, आणि पाठमोरी बसून चहा पिणारी एक तरुणी. संडासाचे चित्र मात्र मी अजून एकाही प्रस्तावात पाहिलेले नाही.

‘बाजारातील मागणी’ या मथळ्याखाली या अहवालांत जे लिहिलेले असते ते बहुतेक वेळा परदेशी अहवालांवरून उतरवलेले असते, आणि त्यातल्या टक्केवारीचा इंदूरबाहेरच्या सिमरोल-चोरलच्या रस्त्याशी काही संबंध नसतो. म्हणून मी एक साधी सवय लावून घेतली. अशा एखाद्या ठिकाणी गेलो की थोडा वेळ स्वागतकक्षातल्या फोनजवळ बसायचे आणि लोक काय विचारतात ते ऐकायचे. इंदूरकरांची मागणी कशाची आहे ते तिथे फार स्वच्छ ऐकू येते. एकटा प्रवासी क्वचित असतो. जोडपी असतात, परंतु धंदा चालतो तो समूहांवर: दोन-तीन कुटुंबे एकत्र, सोसायटीतल्या महिलांचा गट, सुपर कॉरिडॉरवरच्या कंपन्यांत काम करणारी पोरे, एखाद्या आजोबांची पंचाहत्तरी. त्यांना सगळे तंबू एकमेकांसमोर हवे असतात. मधल्या अंगणात शेकोटी हवी असते. जेवणात दाल-बाफले आणि चुरम्याचे लाडू हवेत, सकाळी पोहे-जिलेबी हवीच. इंदूर सोडून चाळीस किलोमीटर आल्यावरही सकाळी इंदूरच हवे असते, यात मला तरी विनोदापेक्षा आपुलकी जास्त दिसते. जैन मंडळींचा प्रश्न ठरलेला: सूर्यास्तापूर्वी जेवण मिळेल का? हिवाळ्यात याचा अर्थ स्वयंपाकघर साडेचारला पेटले पाहिजे असा होतो, आणि हे ज्याने आधी ओळखले त्याच्याकडे ते गट वर्षानुवर्षे जातात. कुटुंबे हळू आवाजात आणखी एक विचारतात, की शेजारच्या तंबूत पिणारी मंडळी नसतील ना. या प्रश्नाचे प्रामाणिक उत्तर देणारा मालक शनिवारची निम्मी गिऱ्हाइके गमावतो, आणि उरलेली निम्मी मात्र टिकवतो.

2020 च्या साथीनंतर या मागणीला मोठा रेटा मिळाला, हे कोणीही सांगेल. बंद हॉटेलातल्या लिफ्ट आणि एकाच यंत्राने थंड होणाऱ्या खोल्या लोकांना नकोशा झाल्या होत्या. विमान नको, स्वतःच्या गाडीने दोन-तीन तासांत पोहोचता येईल असे मोकळे ठिकाण हवे, अशी गरज अचानक निर्माण झाली. साथ ओसरली, तरी ही सवय ओसरली नाही. वर्षातून एकदा दहा दिवसांची सहल करणारी घरे आता एका रात्रीच्या तीन-चार सहली करतात. एका रात्रीच्या सहलीला हॉटेलची खोली पुरेशी वाटत नाही, कारण खोली घरीही आहे. काहीतरी वेगळे पाहिल्याचे, वेगळ्या ठिकाणी झोपल्याचे समाधान हवे असते, आणि ते लगेच फोटोत दाखवता आले पाहिजे. फोटोचा मोह आमच्या पिढीने फार नाकारू नये. लग्नातल्या आल्बमसाठी छायाचित्रकाराने कागदाचे काश्मीर मागे टांगले की आम्हीही हसतमुखाने उभे राहत होतो.

तंबूतली चैन या मुलखाला नवी नाही. मोगल बादशहांच्या छावणीत डेऱ्यांचे दोन संच असत. बादशहा एका मुक्कामावर असताना दुसरा संच पुढच्या मुक्कामावर आधीच उभा राही, आणि त्या पुढे जाणाऱ्या सरंजामाला पेशखाना म्हणत. कनातींनी आखलेले रस्ते, दरबाराचा डेरा, जनान्याचे डेरे, हमाम, असे एक चालते शहरच ते असे. मराठ्यांच्या राहुट्या त्यामानाने साध्या असत. होळकरांच्या पहिल्या पिढ्यांचे आयुष्य तर बव्हंशी राहुट्यांतच गेले. मल्हारराव 1766 मध्ये वारले तेही मोहिमेवर, आलमपूरला. मंदसोरचा तह झाला 1818 मध्ये, त्यानंतर इंदूर राजधानी झाले, महूला इंग्रजांची छावणी बसली, आणि गोऱ्या अधिकाऱ्यांच्या दौऱ्यांबरोबर एक विशिष्ट घडणीचा तंबू या भागात फिरू लागला: दुहेरी छताचा, पुढे ओसरी आणि मागे न्हाणीची जागा असलेला. त्याला आजही तंबूवाले ‘स्विस कॉटेज’ म्हणतात, आणि देशातल्या बहुतेक सरकारी-खासगी तंबूनगऱ्या त्याच आराखड्यावर उभ्या असतात. दोन छतांमध्ये हवेचा पदर राहतो म्हणून ऊन थेट आत उतरत नाही. दोनशे वर्षांपूर्वीची ही युक्ती नव्या घुमटांपेक्षा आमच्या हवेला अधिक मानवते, असे माझे मत आहे आणि त्याकडे पुढे येतोच.

भारतात या धंद्याला आजचे रूप दिले ते मुख्यतः कच्छने. रणोत्सव 2005 मध्ये सुरू झाला तेव्हा तो तीन दिवसांचा उत्सव होता. पुढे तो नोव्हेंबरपासून फेब्रुवारी-मार्चपर्यंत चालणारा हंगाम झाला आणि धोरडोजवळ शेकडो तंबूंची नगरी दरवर्षी उभी राहू लागली. पांढऱ्या मिठाच्या पठारावर पक्की हॉटेले बांधून वर्षभर भरवणे शक्यच नव्हते. तिथे तंबू हा खरोखर योग्य उपाय होता: हंगाम आला की उभारा, उन्हाळा लागला की उचला. बन्नी भागातली ‘भुंगा’ नावाची गोल घरे, भरतकाम, लोकसंगीत ही तिथली स्वतःची पुंजी होती आणि पाहुण्याला ती तंबूच्या दाराशी भेटत होती. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यटन संघटनेने 2023 मध्ये धोरडोला उत्तम पर्यटनग्रामांच्या यादीत घेतले. सरदार पटेलांच्या पुतळ्याचे 2018 मध्ये अनावरण झाले तेव्हा केवडियातही तंबूनगऱ्या उभ्या होत्या. मग हे एक सूत्रच ठरून गेले, की जिथे पर्यटक आणायचे आहेत पण खोल्या नाहीत, तिथे तंबू ठोका.

आमच्या बाजूला हे सूत्र हनुवंतियाला आले. खंडवा जिल्ह्यात, इंदिरासागरच्या काठावर, 2016 मध्ये पहिला जलमहोत्सव भरला आणि तेव्हापासून हिवाळ्यात तिथे तंबू लागतात. पाण्याचे खेळ, उडत्या फुग्यातून फेरी, संध्याकाळी गाणी, सगळे असते. पाण्यातली बेटे आणि त्यांच्यावर उतरणारा उजेड पाहून माणूस गप्प होतो, एवढे ते दृश्य मोठे आहे. साठवणक्षमतेने हा देशातल्या सर्वांत मोठ्या जलाशयांपैकी एक आहे. परंतु त्याच पाण्याखाली हरसूद आहे. 2004 च्या पावसाळ्याच्या तोंडावर ते गाव रिकामे करवण्यात आले, आणि नुकसानभरपाईसाठी लोकांनी आपल्या घरांच्या भिंती आपल्या हातांनी पाडल्या. अडीचशेच्या आसपास गावे या एका धरणाने बाधित झाली. हरसूदचे बरेच लोक छनेऱ्याजवळच्या नव्या वसाहतीत गेले, काही खंडव्याला, काही इंदूरला आले. आमच्या शाखेत खाते उघडायला येणाऱ्यांच्या अर्जांवर जुना पत्ता म्हणून हरसूद लिहिलेले मी पाहिले आहे. महोत्सवाच्या माहितीपत्रकात या गोष्टीला जागा नसावी हे समजण्यासारखे आहे. मला खटकते ते वेगळेच. पर्यटकाला ‘स्थानिक अनुभव’ हवा असतो, असे हा व्यवसाय सतत सांगतो, आणि त्यासाठी बैलगाडीची फेरी व मातीच्या चुलीवरची भाकरी देऊ करतो. त्या पाण्याच्या काठी सांगण्यासारखी सर्वांत मोठी स्थानिक गोष्ट कोणती, हे मात्र तिथे मुक्काम करून आलेल्या पुष्कळांना माहीत नसते. मी ज्यांना ज्यांना सांगितली, त्यांतल्या एकानेही ‘सहलीचा विचका केलात’ असे म्हटले नाही. उलट गाव नेमके कुठल्या बाजूला होते, असे विचारले. ही मागणी आहे, आणि तिला पुरवठादार नाही.

आता पैशांकडे येऊ. मालव्यातला तंबूचा हंगाम ऑक्टोबर ते मार्च, म्हणजे सव्वीस आठवडे. शुक्रवार-शनिवारच्या रात्री धरल्या तर बावन्न होतात; दिवाळीचे दिवस, नाताळ ते नववर्षाचा आठवडा आणि जोडून आलेल्या सुट्ट्या मिळवल्या तर फार तर पासष्ट रात्री. बाकीच्या रात्री सवलत देऊनही तंबू रिकामे राहतात. दहा तंबू, पाच हजार रुपये दर आणि या पासष्ट रात्री सगळे भरलेले, असे गृहीत धरले तरी वर्षाची आवक साडेबत्तीस लाख होते. त्यातून शिधा, वीज, जनरेटरचे डिझेल, धुलाई, बुकिंग संकेतस्थळांचे पंधरा-वीस टक्के किंवा त्याहूनही अधिक कमिशन, आणि बारा महिने पगार घेणारा स्वयंपाकी व राखणदार वजा करायचे. प्रस्तावांत मात्र वर्षाला दोनशे रात्री साठ टक्के तंबू भरलेले दाखवतात. अशा आकड्यांवर लाल पेन्सिलीने रेघ ओढणे हेच माझे काम होते, त्यामुळे हात आपोआप वळतो.

कराचीही एक गंमत आहे. जीएसटीच्या दृष्टीने हॉटेल, अतिथिगृह आणि तंबूंचा तळ एकाच वर्गात बसतात. 22 सप्टेंबर 2025 पासून रोजच्या साडेसात हजार रुपयांपर्यंतच्या निवासावर पाच टक्के कर आहे, पण मालकाला खरेदीवर भरलेल्या कराची वजावट मिळत नाही. त्यावरच्या दराला अठरा टक्के लागतो आणि वजावट मिळते. म्हणजे चौऱ्याहत्तरशे रुपयांच्या तंबूवर पाहुणा 370 रुपये कर भरतो आणि शहात्तरशेच्या तंबूवर 1,368 रुपये. साहजिकच बाजाराचा मोठा भाग साडेसात हजारांच्या रेषेखाली दाटी करून बसतो, आणि ज्यांना वर जायचे आहे ते थोडेथोडके नाही तर एकदम बारा-पंधरा हजारांवर उडी घेतात. मधली पायरीच उरत नाही. शिवाय रेषेखालच्या नव्या उद्योजकाला घुमट, पलंग, एसी यांच्यावर भरलेला कर परत मिळत नसल्यामुळे त्याचा उभारणीचा खर्च तेवढ्याने चढतो. ही बाब मी पाहिलेल्या प्रस्तावांतून सहसा सुटलेली असते.

परंतु मालव्यातली खरी अडचण हिशेबाच्या वहीत नसून जमिनीत आहे. इंदूरच्या माणसाला फिरायची सर्वाधिक हौस येते ती पावसाळ्यात. जुलै ते सप्टेंबर पातालपाणी, तिंछा, जानापाव, मांडू या वाटांवर रविवारी गाड्यांच्या रांगा लागतात. पातालपाणी ते कालाकुंड ही वारसा गाडी 2018 च्या डिसेंबरात सुरू झाली, तिलाही गर्दी पावसातच. (कालाकुंडच्या स्थानकावरचा कलाकंद खाल्ल्याशिवाय परतणाऱ्याला इंदूरकर म्हणू नये.) डोंगर हिरवे, धबधबे वाहते, हवा गार, आणि नेमक्या त्याच दिवसांत तंबू उभा राहू शकत नाही. आमची काळी माती पाणी पिऊन फुगते, मेखा सैल पडतात, तणावे ढिले होतात, चाकोरी गुडघाभर खोल जाते आणि पाहुण्यांची गाडी ट्रॅक्टरने ओढावी लागते. तीच माती उन्हाळ्यात हातभर भेगाळते. एप्रिल-मे महिन्यांत पारा चाळिशीपार जातो, तेव्हा कापडाखाली दुपारी बसवत नाही. डिसेंबर-जानेवारीत पहाटे दव इतके पडते की कापड आतून ओले लागते. ‘शब-ए-मालवा’ची कीर्ती खरी आहे, उन्हाळ्यातही इथली रात्र निवते, पण पाहुण्याला दुपारी दोनला खोलीचा ताबा हवा असतो आणि रात्र व्हायला तेव्हा पाच-सहा तास असतात.

यावर उपाय म्हणून एकेक गोष्ट वाढत जाते. मेखा टिकत नाहीत म्हणून सिमेंटचा चौथरा. चौथऱ्यावर पाणी साचते म्हणून लोखंडी खांबांवर लाकडी फळ्यांचा मंच. न्हाणीघर जोडून हवे म्हणून मागे विटांची भिंत, सेप्टिक टँक आणि शोषखड्डा. कापड तापते म्हणून एसी, एसीसाठी वाढीव वीजभार, वीज जाते म्हणून जनरेटर, जनरेटरचा आवाज येतो म्हणून त्याला खोली. कापड दर काही वर्षांनी बदलावे लागते म्हणून शेवटी पक्क्या पत्र्याचे छत. बकमिन्स्टर फुलर याने 1954 मध्ये ज्याचे अमेरिकी पेटंट घेतले तो त्रिकोणी जोडणीचा घुमट वाऱ्याला खंबीर असतो, हे खरे. परंतु आकाश दिसावे म्हणून त्याला पारदर्शक खिडकी लावली की मालव्यातल्या मार्चमध्येच तो काचघरासारखा तापतो, मग खिडकीला पडदा येतो आणि आकाश पुन्हा बाहेर राहते. प्रत्येक पायरी पाहुण्याच्या रास्त तक्रारीतून आलेली असते. त्यांतली कोणतीही चैन नाही. तरीही या सगळ्या पायऱ्या चढून झाल्यावर जे उभे असते ती तंबूच्या आकाराची हॉटेलची खोली असते, तिचा उभारणीखर्चही खोलीएवढाच असतो, आणि पाहुणा मात्र तंबूचे भाडे म्हणून जास्त पैसे द्यायला आलेला असतो. एकदोन मुक्कामांत त्याच्या हे लक्षात येते.

कायद्याचेही तसेच आहे. तंबू तात्पुरता म्हणून शेतजमिनीवर ठोकला तर चालेल, अशी समजूत सर्रास आढळते. चौथरा आणि टाकी आली की ती जमीन शेती राहत नाही. डायव्हर्शन, म्हणजे जमिनीच्या वापरातला बदल, करून घ्यावे लागते, पंचायतीची परवानगी लागते, वनहद्द जवळ असेल तर आणखी एक दार ठोठवावे लागते. पटवारी एक दिवस येतोच. देशभरात याचे धडे मिळालेले आहेत. उत्तराखंडच्या उच्च न्यायालयाने 2018 मध्ये हिमालयातल्या बुग्याळांवर, म्हणजे उंचावरच्या कुरणांवर, रात्रीच्या मुक्कामाला बंदी घातली. वाराणसीत गंगेच्या पैलतीरी वाळूवर 2023 च्या जानेवारीत तंबूनगरीचे उद्घाटन झाले, आणि त्याच वर्षी ते प्रकरण राष्ट्रीय हरित लवादापुढे गेले. वायनाडमध्ये 2021 च्या जानेवारीत तंबूंच्या तळावर हत्तीच्या हल्ल्यात एका पर्यटक तरुणीचा जीव गेला, त्यानंतर प्रशासनाने अशा तळांच्या परवानग्या तपासायला घेतल्या. आमच्याकडे हत्ती नाहीत, परंतु महूच्या जंगलपट्ट्यात बिबटे आहेत, आणि 2023 च्या मे महिन्यात तर तिथे वाघ फिरत होता. ‘निसर्गाच्या कुशीत’ असे फलकावर लिहिताना ही कूस आणखी कोणाकोणाची आहे, याची चौकशी वनखात्याकडे करून ठेवलेली बरी.

जगभरातही हा व्यवसाय आता मोठ्या हॉटेलकंपन्यांच्या नजरेत भरला आहे. अमेरिकेत हिल्टनने ऑटोकॅम्प आणि हयातने अंडर कॅनव्हास या ग्लॅम्पिंग कंपनीशी हातमिळवणी केली. मॅरियटने 2024 च्या अखेरीस जंगलातल्या छोट्या केबिनींचा एक उद्योगच विकत घेतला. या कंपन्यांना तंबूंपेक्षा त्यांच्या सभासदांच्या नव्या आवडीत रस आहे. हॉटेलांत राहून जमा झालेले गुण (पॉइंट) खर्च करायला निराळी जागा दिली की सभासद टिकतो. आमच्याकडचे छोटे मालक यावरून असा निष्कर्ष काढतात की आपणही टब, तरणतलाव आणि मोठा पडदा आणला पाहिजे. मला हा निष्कर्ष घाईचा वाटतो. तिकडच्या त्या तळांचा मोठा भाग राष्ट्रीय उद्यानांच्या वेशीवर आहे. पाहुणा दिवसभर उद्यानात असतो आणि झोपायला परततो. चोरलच्या तंबूत आलेला पाहुणा दुपारी दोनपासून सकाळी अकरापर्यंत तंबूभोवतीच असतो. त्याला काय करायला देणार, हा प्रश्न टबने दोन तास सुटतो.

माझा भाचा वडिलांच्या चोरलकडच्या शेतावर असा तळ काढायचा म्हणून कागद घेऊन आला, तेव्हा आमचा यावरच खल झाला. त्याच्या आराखड्यात बारा घुमट, रोषणाई, नाचाचा मंच आणि ध्वनिवर्धक होते. ‘मामा, लोकांना हेच हवंय, रील बघा ना तुम्ही,’ असे तो म्हणाला. मी त्याला एवढेच विचारले, की ज्या गटांनी गेल्या वर्षी ओळखीने शेतावर येऊन नुसत्या झाडाखाली खाटा टाकून रात्र काढली, त्यांतले किती जण पुन्हा आले आणि परत जाताना काय म्हणाले. ते पुष्कळ जण आले होते. अंधार बरा वाटला, मुलांनी पहिल्यांदा एवढे तारे पाहिले, आवाज नव्हता, फक्त संडासाची सोय करा, असे त्यांचे म्हणणे होते. त्या जागेची विकण्याजोगी गोष्ट होती तीच तो रोषणाई आणि ध्वनिवर्धकावर पैसे खर्च करून घालवणार होता. शेजारच्या रिसॉर्टांनी ती जवळपास घालवलीच आहे; शनिवारी रात्री त्या रस्त्यावर तीन वेगवेगळी गाणी एकाच वेळी ऐकू येतात, आणि तिन्ही ठिकाणचे पाहुणे दुसऱ्या दोघांची तक्रार करतात.

शेवटी आम्ही प्रस्ताव फिरवला. सहा तंबू, दुहेरी छताचे, कापडाचे, ऑक्टोबरात उभारून मार्चअखेर घडी करून गोदामात ठेवायचे. पक्के बांधकाम फक्त संडास-न्हाणीघरांचे आणि स्वयंपाकघराचे, पण ते उत्तम: टाइल, कमोड, हातधरणी, सौर गिझर. पावसाळ्यात मुक्काम नाहीच. त्याऐवजी रविवारी दिवसाची सहल, कौलारू पडवीत भुट्ट्याचा कीस आणि गरम जेवण, संध्याकाळी सहाला फाटक बंद. दिवे कमरेच्या उंचीखाली. गाड्या रस्त्यालगत उभ्या करून सामान बैलगाडीने आत. या शेवटच्या मुद्द्यावर तो कुरकुरला, पण गाड्यांचे दिवे रात्रभर तंबूंवर पडत राहतात हे त्याने स्वतः जाऊन पाहिले. कचऱ्याबद्दल आम्हांला पाहुण्यांना काही शिकवावे लागणार नाही, असा माझा अंदाज आहे. 2017 पासून सलग सात वर्षे स्वच्छतेत देशात पहिले आलेल्या शहरातला माणूस ओले-सुके वेगळे करूनच देतो, आणि डबे नीट ठेवलेले नसतील तर मालकालाच चार शब्द सुनावतो.

बँकेने कर्जाची रक्कम कमी झाली म्हणून नाक मुरडले, हे मला अपेक्षित होते. मोठ्या कर्जाच्या फाइलला बँकेत जी आस्था मिळते ती लहान फाइलला मिळत नाही. भाच्याने अर्धे भांडवल घरचे घातले आहे, उरलेल्यासाठी फाइल पुढे सरकते आहे.

आता त्याच्या डोक्यात 2028 आहे. उज्जैनला सिंहस्थ भरेल तेव्हा इंदूरच्या पन्नास-साठ किलोमीटरच्या परिघात जमीन असलेल्या प्रत्येकाला तंबू दिसू लागणार, आणि 2025 मध्ये प्रयागला महागड्या तंबूंची जी चर्चा झाली ती ऐकून बरेच जण आतापासूनच पैसे गुंतवायला निघाले आहेत. महाकाल मंदिराजवळचा ‘महाकाल लोक’ हा परिसर 2022 च्या ऑक्टोबरात खुला झाल्यापासून उज्जैनची वर्दळ वाढलेली आहेच. पण प्रयागचा कुंभ जानेवारी-फेब्रुवारीत होता, उज्जैनचा भर उन्हाळ्यात असतो. मागच्या सिंहस्थात 5 मे 2016 रोजी वादळी पाऊस आला, मंडप कोसळले आणि माणसे दगावली. त्या महिनाभराच्या दरांवर डोळा ठेवून उभारलेला तंबू आधी वळवाच्या वाऱ्याला आणि बेचाळीस अंशांना टिकला पाहिजे, आणि मेळा संपल्यावर त्याचे काय करायचे हे आधी ठरलेले पाहिजे. भाच्याला मी सांगितले आहे की सिंहस्थासाठी नवा एकही तंबू विकत घेऊ नकोस. हवे तर तुझे सहा तंबू त्या महिन्यापुरते उज्जैनच्या कोणाला भाड्याने दे, कारण एप्रिलपासून ते तसेही गोदामात घडी करून पडलेले असतात. भाड्याच्या करारात वादळाने फाटलेल्या कापडाची भरपाई कोण देणार, हे कलम मात्र पहिल्या पानावर घाल, असेही बजावले आहे. त्याने ते लिहून घेतले आणि विचारले की मग जूनमध्ये नवी कापडे शिवायला टाकायची असतील तर आगाऊ रक्कम किती धरायची. त्या आकड्यावर आम्ही सध्या अडलो आहोत.